म्हणून दाखव

आपल्याकडे लहान मुलाची ओळख करून देण्याची एक ठरलेली रीत आहे. पाहुणे येऊन बसले, पाणी झाले, पोह्यांच्या बशा आल्या, की आतल्या खोलीत खेळणाऱ्या मुलाला बाहेर बोलावले जाते आणि घरातले कोणीतरी, बहुतेक वेळा आजोबाच, म्हणतात, "काकांना नाव सांग बरं. ती कविता म्हणून दाखव." मूल लाजते, आईला चिकटते, शेवटी म्हणते, सगळे कौतुक करतात आणि घराची इभ्रत राहते. हे मी माझ्या मुलाकडून करून घेतले, मुलीकडून करून घेतले आणि नातू अडीच वर्षांचा झाला तेव्हा त्याच्याकडूनही करून घ्यायला निघालो. त्याने माझ्याकडे पाहिले, ओठ उघडले, मिटले, पुन्हा वेगळ्याच आकारात उघडले. आवाज काही आला नाही. पाहुण्यांनी समजूतदारपणे द्राक्षांच्या भावाचा विषय काढला. मी मात्र पुन्हा म्हणालो, "म्हण ना रे, काल तर म्हणाला होतास."

या "काल तर म्हणाला होतास"विषयीच मला लिहायचे आहे, कारण पुढचे दीड वर्ष मी त्याच एका वाक्याच्या आधाराने त्या मुलावर अन्याय केला.

माझा व्यवसाय बोटांचा होता. नाशिकच्या रविवार कारंज्याजवळच्या एका जुन्या वाड्याच्या माडीवर मी 28 वर्षे टंकलेखनाचा वर्ग चालवला. सकाळी सहाच्या बॅचपासून रात्री नऊपर्यंत 18 मशीन खडखडत असत. खालचे भाडेकरू त्याबद्दल तक्रार करून थकले आणि वर्ग बंद झाल्यावर झोप लागत नाही म्हणून तक्रार करू लागले. मराठी 30, मराठी 40, इंग्रजी 30, इंग्रजी 40 अशा, मिनिटाला तितके शब्द छापायच्या, सरकारी परीक्षांना मी शेकडो मुलेमुली बसवली. शब्द माहीत असणे वेगळे आणि तो बोटांतून कागदावर उतरणे वेगळे, हे ज्याने आयुष्यभर पाहिले त्याला नातवाची अडचण सर्वांच्या आधी कळायला हवी होती. कळली नाही.

आदल्या दिवशी झाले होते ते असे. गोदापार्कात त्याला फिरायला नेले होते. पाण्याच्या कडेने एक कुत्रा अंग झटकत आला आणि माझे बोट सोडून पळत सुटलेला नातू ओरडला, "आबा, बघ!" दोन्ही शब्द स्वच्छ, बोबडेपणाचा लवलेश नाही. मी घरी येऊन सर्वांना सांगितले. सर्वांनी त्याला म्हणायला सांगितले. एरवी त्याच्या तोंडून "आबा"सुद्धा कधी "बाआ", कधी "आमा", कधी नुसता "आ" असे येत असे, आणि त्या संध्याकाळी तर तेही आले नाही. मी निष्कर्ष काढला की पोराला येते, पण तो म्हणत नाही. म्हणजे हट्टी आहे. मग मी बिस्किटाचा पुडा हातात धरून बसू लागलो. "आधी म्हण, मग देतो." तो ओठांची खटपट करायचा, लाल व्हायचा, आणि शेवटी बिस्किटावरचा हक्क सोडून निघून जायचा. तीन वर्षांच्या मुलाने बिस्किटावरचा हक्क सोडणे ही साधी गोष्ट नव्हे, एवढाही विचार माझ्या मनात आला नाही.

घरगुती उपाय सगळे झाले. वेखंड मधात उगाळून झाले, शंखातले पाणी पाजून झाले, जिभेखालचा दोर कापून आणा असा सल्ला देणारे चार जण भेटले, आणि "याचा बापही उशिराच बोलला" हे पालुपद आमच्या हिने इतक्या वेळा म्हटले की मुलाला, म्हणजे नातवाच्या वडिलांना, स्वतःच्या बालपणाविषयी अपराधी वाटू लागले. कान तपासून घेतले; बेरा नावाची चाचणी करतात, तीत ऐकणे उत्तम निघाले. जिभेखालचा पडदाही नीट होता.

मग एका श्रावणी सोमवारी आम्ही कपालेश्वराला गेलो. रामकुंडावरून पायऱ्या चढून वर गेले की हे शंकराचे मंदिर लागते, आणि नाशिककरांना ठाऊक आहे तसे, तिथे शंकरापुढे नंदी नाही. नंदीने सांगितल्यावरून रामकुंडात स्नान केल्याने शंकराचे पाप गेले, म्हणून शंकराने नंदीला गुरू मानले आणि गुरूला आपल्यापुढे बसू दिले नाही, अशी कथा सांगतात. नातू तोवर पाच-सहा शिवमंदिरांत गेलेला होता. गर्दीत माझ्या कडेवरून त्याने गाभाऱ्याकडे पाहिले, मागे वळून पाहिले, पुन्हा पुढे पाहिले. मग दोन्ही तर्जन्या डोक्याशी धरून शिंगे केली आणि दोन्ही तळवे उघडून माझ्यासमोर धरले. नंदी कुठे आहे? मी दर श्रावणात तिथे जात होतो. त्याच्यासारखा मागे वळून, काय नाही ते शोधून, मी कधी पाहिले नव्हते. संस्कृतात विवक्षा असा एक सुंदर शब्द आहे, बोलण्याची इच्छा. त्या दोन इवल्या शिंगांत ती ओसंडून वाहत होती. पायऱ्या उतरताना मला पहिल्यांदा वाटले की आपण ज्याला हट्ट म्हणतो आहोत ते काहीतरी वेगळेच आहे.

त्या दिवसानंतर मी सुनेच्या मागे लागणे सोडून तिच्याबरोबर नातवाच्या वाचा-उपचारांना जाऊ लागलो. पहिल्या ठिकाणी सहा महिने गेले. तिथे मुलाला शिट्ट्या फुंकायला देत, नळीने पाण्यात बुडबुडे काढायला लावत, मेणबत्ती विझवायला सांगत, गालाला बाहेरून कंप देणारे एक यंत्र लावत. नातू शिट्टी फुंकण्यात इतका पटाईत झाला की इमारतीच्या रखवालदाराने त्याला आपला उत्तराधिकारी ठरवले. बोलणे मात्र तिळभर हलले नाही. त्या ठिकाणाचे नाव मी घेत नाही. त्यांनी पैसे खाण्यासाठी हे केले असे मला वाटत नाही, पण रोग एक आणि उपचार दुसऱ्याचाच, असे ते झाले.

दुसऱ्या ठिकाणच्या बाई कॉलेज रोडला बसतात. त्यांनी पहिल्या भेटीत मुलाला फारसे काही विचारले नाही. त्याच्याबरोबर जमिनीवर बसून गाडी-गाडी खेळल्या आणि खेळता खेळता एकच शब्द पाच वेळा काढून घेतला. पाणी. पहिल्यांदा आले "पाई", मग "आणी", मग "नापी", मग "पॅ" करून थांबले, आणि पाचव्यांदा, गाडी कपाटाखाली गेली म्हणून चिडून त्याने दुसरेच काहीतरी ओरडले. त्यांनी वहीत पाचही रूपे लिहिली आणि ती वही माझ्यासमोर धरली. बोबडे मूल "राम"ला "लाम" म्हणते, पण सकाळी, दुपारी, संध्याकाळी "लाम"च म्हणते. त्याच्या चुकीला नियम असतो. या मुलाच्या चुकीला नियम नाही, दर वेळी चूक नवी आहे, आणि ती व्यंजनांबरोबर स्वरांतही आहे. शिवाय एका अक्षरातून दुसऱ्याकडे जाताना तो अडखळतो, मधे फट पडते. आणि जे दोन-तीन शब्द येतात ते सगळ्या अक्षरांवर सारखाच जोर देऊन, मात्रा मोजल्यासारखे येतात. अमेरिकेतील वाचा-भाषा-श्रवण तज्ज्ञांच्या संघटनेने 2007 साली याची जी तीन मुख्य लक्षणे सांगितली ती हीच. त्या बाईंनी नाव सांगितले, अप्रॅक्सिया. ग्रीक शब्द आहे, कृती न होणे असा त्याचा साधारण अर्थ. तीन वर्षांच्या आत हे निदान ठामपणे करणे कठीण असते, कारण तुलना करायला मुलाकडे पुरेसे शब्दच नसतात, असेही त्या म्हणाल्या. आमचा चार वर्षांचा होत आला होता.

"म्हणजे जीभ कमजोर आहे का?" मी विचारले.

"नाही आजोबा. जीभ, ओठ, जबडा सगळे धडधाकट आहे. शेवेची वाटी कशी संपवतो ते बघता ना? शब्दही डोक्यात तयार आहे. तो उच्चारायला कोणी कधी हलायचे, याचा आराखडा मेंदूत नीट बनत नाही."

आणि इथे मला माझे मशीन आठवले. जुन्या मराठी मशीनवर ह्रस्व वेलांटी अक्षराच्या आधी उमटवावी लागे. "किती" लिहायचे तर आपण मनात आधी "क" म्हणतो, पण बोटाने आधी वेलांटी, मग "क". नवशिके विद्यार्थी इथे हमखास पडत. "क" दाबून बसत आणि मग वेलांटीला मागे जागा नाही म्हणून माझ्याकडे बघत. पुढे काय येणार आहे हे बोटाला आधीच ठाऊक असावे लागते, आणि ते डोक्याने आठवून उपयोगाचे नसते, कारण तेवढा वेळच नसतो. बोलण्यात हेच प्रत्येक क्षणी चालते, फक्त आपल्याला दिसत नाही. "सीता" म्हणून पाहा आणि मग "सुई". दोन्हीकडे "स"च आहे, पण "सुई"चा "स" सुरू होण्याआधीच ओठ गोल झालेले असतात; पुढच्या उकाराची वर्दी त्यांना आधीच पोहोचलेली असते. ही वर्दी आमच्या नातवाकडे वेळेवर पोहोचत नव्हती. त्यामुळे तो ओठ मिटून, उघडून, जीभ इकडेतिकडे नेऊन जागा चाचपत असे, आणि मी ते पाहून म्हणत असे की टाळाटाळ करतोय.

गोदापार्कातल्या "आबा, बघ!"चाही उलगडा तिथेच झाला. कुत्रा पाहिल्यावर ते शब्द आपोआप, सांगितल्यावाचून आले. तोच शब्द मागणीवरून, चार जणांच्या नजरा रोखलेल्या असताना काढायचा म्हणजे प्रत्येक हालचाल मुद्दाम योजावी लागते, आणि अडचण नेमकी योजण्यातच आहे. परीक्षेच्या हॉलमध्ये निरीक्षक पाठीशी येऊन उभे राहिले की 40 च्या वेगाने लिहिणारी मुलगी साध्या "महाराष्ट्र" शब्दावर अडकते, हे मी किती वेळा पाहिले आहे. तिला मी कधी हट्टी म्हटले नव्हते. घरात मात्र तो निरीक्षक मीच झालो होतो.

या विकाराविषयी नंतर जेवढे मिळेल तेवढे वाचले. ह्यूगो लीपमान या जर्मन डॉक्टरांनी 1900 साली एका सरकारी अधिकाऱ्याची हकिकत लिहिली. त्या गृहस्थाच्या उजव्या हाताला लकवा नव्हता, पण सांगितलेली कृती त्या हाताने होत नसे. तीच डाव्या हाताने करायला सांगितली की जमत असे. आधी लोकांना वाटले, यांना सांगितलेले समजतच नाही. हे वाचून मी बराच वेळ चष्मा काढून बसलो होतो. तो आजार प्रौढ माणसाच्या मेंदूला झालेल्या इजेचा. लहान मुलांत बहुतेक वेळा अशी कोणतीच इजा सापडत नाही आणि मेंदूचे चित्र काढले तरी ते सर्वसाधारण दिसते. काही घराण्यांत कारण जनुकांत असते. लंडनमधल्या एका कुटुंबातील तीन पिढ्यांमधले जवळजवळ निम्मे लोक अशा अडचणीने ग्रासलेले होते, आणि 2001 साली त्यांच्यातला दोष सातव्या गुणसूत्रावरील फॉक्सपी-टू या जनुकात असल्याचे शोधून काढले गेले. वर्तमानपत्रांनी त्याला "भाषेचे जनुक" म्हणून डोक्यावर घेतले. ते तसे नाही, आणि या विकाराच्या बहुसंख्य मुलांत ते जनुक ठीकच असते. साधारण अंदाज असा की हजारांत एक किंवा दोन मुलांना हा त्रास असतो. आमच्या हिला मात्र जनुकांत रस नव्हता. तिने एवढेच विचारले, गरोदरपणात सुनेने मोबाइल फार पाहिला म्हणून तर नाही ना? नाही. बाईंनी हे तिला तीनदा सांगितले, आणि तिसऱ्या वेळी सुनेच्या डोळ्यांत पाणी आले, तेव्हा कुठे तो विषय घरातून गेला.

फुंकण्याचे व्यायाम का फुकट गेले तेही समजले. फुंकर घालण्याचे स्नायू आणि "पाणी" म्हणण्याचे स्नायू तेच असले तरी कामाचा आराखडा निराळा असतो. रबरी चेंडू दाबून बोटे बळकट होतील, टंकलेखन येणार नाही. टंकलेखन येते ते "ए एस डी एफ जी एफ, सेमिकोलन एल के जे एच जे" ही ओळ पानेच्या पाने मारून. बोलणे बोलूनच येते, आणि तेही थोड्या शब्दांची पुष्कळ आवर्तने करून. एडिथ स्ट्रँड या अमेरिकी तज्ज्ञ बाईंनी मांडलेली पद्धत आमच्याकडे वापरली जाते: मुलाने उपचार करणाऱ्याच्या तोंडाकडे पाहायचे, दोघांनी एकाच वेळी, अगदी सावकाश तो शब्द म्हणायचा, गरज असेल तिथे हनुवटीला किंवा ओठांना बोटाने दिशा द्यायची, मग हळूहळू आपला आवाज कमी करत न्यायचा, मग नुसते ओठ हलवायचे, मग बाईंनी आधी म्हणायचे आणि त्याने मागून, आणि शेवटी तेही नाही.

हे पाहताना मला पंचवटीतल्या वेदपाठशाळेतली संथा आठवे. गुरुजी एकदा म्हणतात, मुले दोनदा म्हणतात. एकेक पद सुटे घेऊन होते, मग पदांच्या जोड्या, मग जटापाठात पहिले-दुसरे, दुसरे-पहिले, पुन्हा पहिले-दुसरे, असे उलटसुलट. लहानपणी मला हा निव्वळ छळ वाटे. आता बाई "पाणी"ची दहा आवर्तने झाल्यावर मधेच "बाबा", मग पुन्हा "पाणी", मग "दे", असे क्रम मोडून घेतात, तेव्हा वाटते की जिभेला वळण लावणे म्हणजे काय हे आपल्याकडच्या लोकांनी फार पूर्वी हेरले होते. घरचा अभ्यासही असाच: एक तास सलग बसवायचे नाही, दिवसातून चार वेळा दहा-दहा मिनिटे. ते काम माझ्याकडे आले. निवृत्त माणसाकडे दहा मिनिटांचे चार तुकडे असतात.

सिडनी विद्यापीठातल्या संशोधकांनी 2015 साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात 4 ते 12 वर्षांच्या 26 मुलांना आठवड्यातून चार दिवस, रोज एक तास, असे तीन आठवडे शिकवले होते. आठवड्यातून चार दिवस! आमच्याकडे दोन दिवसांची वेळ मिळायला तीन महिने गेले, आणि ते परवडणारे घर आमचे होते म्हणून. सुरगाण्याच्या किंवा पेठच्या पाड्यावरच्या आईने काय करावे? 2013 पासून राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात भाषाविकासातला उशीरही तपासणीच्या यादीत आहे, अंगणवाडीपर्यंत पथक जाते, हे खरे. पण पुढचे चार-पाच वर्षांचे काम करणारे हात मोजकेच आहेत.

मधल्या काळात बाईंनी चित्रांची एक वही करायला सांगितली. भूक, तहान, शू, दुखतंय, आजी, बाहेर. मी विरोध केला. बोटाने दाखवून काम भागले तर हा बोलेल कशाला? त्यांनी शांतपणे सांगितले की असे होत नाही, उलट सांगता न येण्याचा ताण उतरला की मूल जास्त प्रयत्न करते. वही मीच तयार केली, चित्रांखाली मशीनवर शब्दही छापले. पहिल्याच आठवड्यात त्याने "दुखतंय" आणि मग स्वतःचा कान दाखवला. तोवर त्याचे कान दुखणे आमच्या लेखी किरकिर असे.

शाळेचे प्रकरण थोडक्यात उरकतो. 27 फेब्रुवारी हा कुसुमाग्रजांचा जन्मदिवस, मराठी भाषा गौरव दिन. त्यांच्या गावात तो साजरा होणारच. वर्गातल्या प्रत्येक मुलाने चार ओळी म्हणायच्या होत्या. आमच्याला झाड केले. पुठ्ठ्याचा बुंधा, हिरवी टोपी, मागे स्तब्ध उभे राहायचे. शाळेचा हेतू वाईट नव्हता, त्याला लाजिरवाणे व्हायला नको एवढाच होता. मी पुढच्या रांगेत बसून पाहत होतो: पुढे येऊन जे मूल जे म्हणत होते ते सगळे झाडाचे ओठ मागे उभे राहून म्हणत होते, वीसच्या वीस मुलांचे, आवाजाशिवाय. एक मुलगी मधेच विसरली तेव्हा सगळ्या सभागृहात पुढची ओळ ठाऊक असलेले ते एकटेच झाड होते.

पहिल्या शब्दांची यादी करताना आम्ही घरच्यांनी "नमस्कार", "धन्यवाद" आणि स्वतःचे पूर्ण नाव सुचवले होते. बाई हसल्या. म्हणाल्या, हे शब्द तुम्हाला हवेत. त्याला कोणता हवा आहे? मग त्यांनीच यादीत "नको" घातला. दोन अक्षरे, पण चढण मोठी. "न"साठी जिभेचे टोक दातांमागे आणि हवा नाकातून, लगेच "क"साठी जिभेची मागची बाजू वर, नाक बंद, आणि तेवढ्यात "ओ"साठी ओठ गोल. सात आठवडे आम्ही त्यावर होतो. "नोक", "ओको", "नतो", "नम" सगळे झाले. आले तेव्हा ते "न" आणि "को" असे दोन सुटे दगड ठेवल्यासारखे आले, मधे बोट जाईल एवढी फट ठेवून. मग ती फट बुजवायला आणखी महिना. त्यानंतर घरात दुसरा शब्द उरला नाही. आंघोळ, भेंडी, झोप, आजीचा मुका, सगळ्याला "नको". आमची ही वैतागून म्हणाली, सात आठवडे शिकवून हेच शिकवलेत?

तो आता सहा वर्षांचा आहे. लहान वाक्ये बोलतो, लांब शब्दांत अजून अक्षरे गळतात, आणि अनोळखी माणसाला त्याचे निम्मे बोलणे समजत नाही. अक्षरओळख लागली आहे, वाचनात अडचण येऊ शकते म्हणून बाईंचे लक्ष आहे. त्याचे नाव मी या लेखात कुठे लिहिलेले नाही. त्यात एक जोडाक्षर आहे आणि सध्या आम्ही दोघे त्याच्यावर काम करत आहोत.

गेल्या रविवारी माझे एक जुने विद्यार्थी, आता मंत्रालयात अधिकारी, सपत्नीक आले होते. पाणी झाले, पोहे झाले. नातू दारात येऊन उभा राहिला. त्या आठवड्यात त्याला एका बडबडगीताच्या दोन ओळी नीट जमू लागल्या होत्या, मला फार अभिमान वाटत होता, आणि 28 वर्षांच्या मास्तरकीची आणि दोन पिढ्यांच्या वडीलकीची सवय, दुसरे काय, माझ्या तोंडून निघून गेले, "ये, काकांना ते गाणे म्हणून दाखव."

त्याने माझ्याकडे पाहिले. मग पाहुण्यांकडे पाहिले. ओठांची कोणतीही खटपट न करता, मधे फट न ठेवता, शेवटचा "को" आजीसारखा थोडा लांबवून, त्याने स्वच्छ सांगितले, "नको."